क्रिस अँडरसनची तीन पुस्तकं आणि उद्यमबागेतली आमची शेड

लेथवाला_उद्यमबाग
रविवार, रात्री ९:५०

मंडळी, धागा लांबणार आहे, सवडीने वाचा.

बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीत आमची मशीनशॉपची शेड आहे. दुपारी मशीन बंद करून डबा खाल्ला की अर्धा तास मिळतो. गेल्या चार-पाच महिन्यांत त्या अर्ध्या तासात क्रिस अँडरसनची तीन पुस्तकं वाचून काढली. 'द लाँग टेल' २००६ चं, 'फ्री' २००९ चं, 'मेकर्स' २०१२ चं. पुस्तकं जुनी झालीत हे मान्य. पण भविष्यावरचं पुस्तक उशिरा वाचण्यात एक फायदा आहे. लेखक काय म्हणाला आणि पुढं काय घडलं, दोन्ही आपल्यापुढं असतं.

हा माणूस मूळचा पत्रकार. शिक्षण पदार्थविज्ञानाचं, मग 'नेचर', 'सायन्स', 'द इकॉनॉमिस्ट' असं करत २००१ ते २०१२ 'वायर्ड' मासिकाचा संपादक. कुणीतरी बोलता बोलता एखादा आकडा सांगतं आणि हा त्याचा माग काढत सुटतो. 'लाँग टेल'चा उगम तसाच आहे. इकास्ट नावाची कंपनी बारमध्ये इंटरनेटवरचे ज्यूकबॉक्स पुरवायची. तिच्या प्रमुखाने याला विचारलं, आमच्याकडं दहा हजार अल्बम आहेत, त्यातल्या किती अल्बममधलं निदान एक तरी गाणं तीन महिन्यांत विकलं जात असेल? याने अंदाज केला ५० टक्के. खरं उत्तर ९८ टक्के होतं. दुकानाच्या फळीला भाडं पडतं, म्हणून दुकानदार खपणाराच माल ठेवतो. इंटरनेटच्या फळीला शेवटच नाही. तिथं थोडा थोडा खपणारा माल इतका असतो की त्याची बेरीज मोठी होते. खपाचा आलेख काढला तर डावीकडं उंच डोकं आणि उजवीकडं लांबच लांब शेपूट दिसते, म्हणून ते नाव.

'फ्री'चं म्हणणं असं, की डिजिटल मालाची आणखी एक नक्कल काढायला जवळजवळ काहीच खर्च येत नाही, मग किंमतही शून्याकडं ओढली जाते आणि पैसे दुसऱ्या वाटेने मिळवावे लागतात. सप्टेंबर २०१६ ला जिओ आलं, मार्च २०१७ पर्यंत डेटा फुकट होता, ते सगळ्यांना आठवत असेल. आमच्या शेजारच्या फौंड्रीतली मोल्डिंगची पोरं तेव्हापासून जेवणाच्या सुट्टीत यूट्यूबवर वेल्डिंग बघायला लागली. त्यातला एक आता आमच्याकडं व्हीएमसी, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणारी मिलिंग मशीन, चालवतो.

ही दोन्ही पुस्तकं वाचली आणि ठेवून दिली. तिसऱ्याने मात्र झोप उडवली.

'मेकर्स' सुरू होतं ते अँडरसनच्या आजोबांपासून, आईच्या वडिलांपासून. फ्रेड हाउझर. १९२६ ला स्वित्झर्लंडमधल्या बर्नहून लॉस एंजेलिसला आले. शिकलेले मशिनिस्ट, म्हणजे आमच्याच जातकुळीतले. घराच्या मागच्या शेडमध्ये स्वतःचं वर्कशॉप. त्यांनी घड्याळ जोडून हिरवळीला ठरल्या वेळी आपोआप पाणी देणारं स्प्रिंकलर तयार केलं आणि १९४३ मध्ये त्याचं पेटंटही मिळवलं. पण पेटंट हातात आलं म्हणून माणूस कारखानदार होत नाही. डाय, साचे, कच्चा माल, विक्री, सगळ्याला भांडवल लागतं. शेवटी त्यांनी एका कंपनीला लायसन्स दिलं आणि पुढचा धंदा त्या कंपनीने केला. अँडरसन म्हणतो, आजोबा संशोधक होते पण उद्योजक होऊ शकले नाहीत, कारण उत्पादनाची साधनं त्यांच्या आवाक्यात नव्हती. आज तोच माणूस कॉम्प्युटरवर ड्रॉइंग काढेल, थ्रीडी प्रिंटरवर नमुना करेल आणि फाइल पाठवून कारखाना अक्षरशः भाड्याने घेईल.

हे पान वाचून मी पुस्तक मिटलं. समोरच्या लेथवर आबा टर्निंग करत होते.

आबांचं सांगतो. वीसेक वर्षांपूर्वी चंदगडकडच्या एका काजूवाल्याची कटर मशीन दुरुस्तीला आली होती. हातापायांवर चालणारी, साधी. वाफवलेलं बी दोन पात्यांत धरायचं, पायाने पेडल दाबायचं, हाताने दांडा ओढायचा, टरफल उघडतं. अडचण एवढीच, की बी एका मापाचं नसतं. मोठं बी आलं की पातं गरापर्यंत जातं आणि काजू तुटतो. अख्ख्या काजूचा भाव वेगळा, तुकड्याचा वेगळा. आबांनी खालच्या पात्याच्या होल्डरमध्ये एक स्प्रिंग आणि एक स्टॉपर बसवला. बी बघून पातं आपणच मागं सरायचं. दिसायला काहीच नाही, दोन इंचाची वस्तू. पंधरा-वीस होल्डर केले, गेले. एक व्यापारी दोन नग 'सँपल' म्हणून घेऊन गेला. पुढच्या हंगामात तसाच होल्डर दुसरीकडं करून घेऊन तो आमच्यापेक्षा स्वस्तात विकत होता. आबा कुणाशी भांडले नाहीत. परत जॉबवर्कला लागले.

आजही आमची शेड जॉबवर्कवरच आहे. ड्रॉइंग पुण्याहून किंवा बेंगळुरूहून येतं, कास्टिंग पलीकडच्या फौंड्रीतून येतं, आम्ही बोअरिंग, फेसिंग, ड्रिलिंग करून पाठवतो. तयार मालावर पार्ट नंबर असतो, आमचं नाव कुठंच नसतं. अँडरसन ज्याला नवी क्रांती म्हणतो, लहान जागेत, थोड्या माणसांत अचूक वस्तू करणं, ते उद्यमबागेत आणि मच्छेत गल्लीगल्लीत चालतं. कास्टिंग, मशिनिंग, हीट ट्रीटमेंट, प्लेटिंग सगळं दुचाकीच्या अंतरावर. कमी आहे ती फक्त आपल्या डोक्यातली वस्तू आपल्या नावावर करण्याची. या पुस्तकात त्याची वाट आहे असं मला मनापासून वाटतंय. तुमचं काय मत? ज्यांनी वाचलंय त्यांनी तर लिहाच, ज्यांनी वाचलं नाही त्यांनीही लिहा.


कट्ट्यावरचा_श्री
रविवार, रात्री १०:१५

आबांचा प्रसंग वाचून वाईट वाटलं. धागा वाचनखुणांत ठेवलाय. सविस्तर उद्या.


शहापूरची_लेक
रविवार, रात्री ११:०५

दादा, मी 'लाँग टेल' वाचलंय, एमबीएला होतं. तुम्ही ते वाचून ठेवून दिलंत, पण माझं सगळं त्याच पुस्तकापाशी अडलंय.

आमच्या घरी माग आहेत. आजोबांचे हातमाग होते, आता वडील आणि काका यंत्रमाग चालवतात. वडगाव-शहापूर-खासबागेत ज्यांची घरं आहेत त्यांना सांगायला नको, पहाटेपासून तो खडखडाट ऐकतच आम्ही मोठ्या झालो. सूत सावकाराचं, साडी सावकाराची, आमची मजुरी. हे मोडायचं म्हणून मी एका मोठ्या ऑनलाइन बाजारात दुकान उघडलं. पुस्तकात लिहिलं होतं ना, फळीला शेवट नाही, तुमच्या मालाला कुठंतरी गिऱ्हाईक असणारच. माझा पूर्ण विश्वास होता.

फळीला शेवट नसतो हे खरं आहे. पण त्या फळीवर आपण कितव्या पानावर आहोत हे कोण ठरवतं? 'सुती साडी' असं शोधलं की आधी जाहिरातीचे पैसे भरलेला माल, मग सुरतेकडचा छापील माल. आम्ही कुठंतरी चाळिसाव्या पानावर. त्यात परत येणाऱ्या साड्या. मोबाइलवर काठाचा रंग जरा वेगळा दिसला की साडी परत, जाण्यायेण्याचा खर्च आमच्याकडून कापलेला. आठ महिन्यांनी हिशेब केला तेव्हा सावकाराची मजुरी परवडली असती असं निघालं. आईने तो कागद बघितला आणि काही बोलली नाही. मला ते अजून लागतं.

आता पुस्तकाकडं येते. अँडरसनने सुरुवातीलाच एक उदाहरण दिलंय. जो सिम्पसन या गिर्यारोहकाचं 'टचिंग द व्हॉइड' हे पुस्तक १९८८ ला आलं, बऱ्यापैकी चाललं आणि विसरलं गेलं. दहाएक वर्षांनी जॉन क्राकाउअरचं 'इन्टू थिन एअर' गाजलं, अॅमेझॉन ते घेणाऱ्यांना सिम्पसनचं पुस्तक सुचवायला लागलं आणि ते जुनं पुस्तक नव्यापेक्षाही जास्त खपलं. सगळे या गोष्टीतून फळीची लांबी लक्षात ठेवतात. मला त्यातला 'सुचवणं' हा शब्द मोठा वाटतो. शेपटीतली वस्तू आपोआप विकली जात नाही, कुणीतरी बोट धरून गिऱ्हाइकाला तिथवर न्यावं लागतं. २००८ मध्ये हार्वर्डच्या अनिता एल्बर्स यांनी गाण्यांच्या आणि डीव्हीडीच्या खऱ्या विक्रीचे आकडे तपासून लेख लिहिला होता. शेपूट लांब होतेय पण अगदी बारीक, आणि विक्री उलट डोक्याकडंच गोळा होतेय, असं त्यांना दिसलं. तो लेख मी धंदा बुडाल्यावर वाचला. आधी वाचायला हवा होता.

सध्या काय चाललंय तेही सांगते, नाहीतर नुसती रड वाटेल. पुण्यात राहणाऱ्या बेळगावच्या बायकांचा एक व्हॉट्सअॅप गट आहे. माझ्या मावशीने तिथं चार साड्यांचे फोटो टाकले. महिन्याला पंधरा-वीस साड्या तिकडं जातात. परत एकही आलेली नाही, कारण मावशी फोनवर सांगते, "रंग जरा गडद आहे बरं का."


वाचनालयाचा_कोपरा
सोमवार, सकाळी ७:३०

लेथवाले, आणि अक्का तुम्ही, दोघांचंही लिहिणं मनाला भिडलं. मी निवृत्त शिक्षक. आमच्या बेळगावचं सार्वजनिक वाचनालय १८४८ चं, त्या टेबलांवर माझं निम्मं आयुष्य गेलं. त्यामुळे मी 'फ्री'बद्दल बोलतो, लेथवाल्यांनी त्याला चार ओळींतच निरोप दिला म्हणून.

त्या पुस्तकावर दोन गोष्टींवरून टीका झाली, दोन्ही माहीत असाव्यात. पहिली, मॅल्कम ग्लॅडवेल यांनी 'न्यूयॉर्कर'मध्ये त्याची झाडाझडती घेतली. नक्कल फुकट असली तरी ती पोचवणारी यंत्रणा फुकट नसते, असा त्यातला एक मुद्दा. दुसरी जास्त गंभीर. पुस्तकातले काही उतारे विकिपीडियावरून श्रेय न देता उचलल्याचं एका अमेरिकन नियतकालिकाने दाखवून दिलं. अँडरसनने चूक कबूल केली. फुकट मिळणाऱ्या ज्ञानावर पुस्तक लिहिताना ते ज्ञान ज्यांनी फुकट लिहिलं त्यांचंच नाव गळावं, याचं मला फार वाईट वाटलं. पत्रकाराने हे करायला नको होतं. पुस्तक मी तरीही दोनदा वाचलं.

कारण सीमेवरच्या मराठी माणसाला 'फुकट' या शब्दाचं मोल वेगळं आहे. मी नोकरीला लागलो तेव्हा एखादं संदर्भाचं मराठी पुस्तक हवं असलं तर कोल्हापूरला जाणाऱ्या कुणाच्या तरी हातात चिठ्ठी द्यावी लागायची. आता मराठी विश्वकोश सगळा संकेतस्थळावर आहे. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाची किती तरी पुस्तकं उतरवून घेता येतात. माझा नातू खानापूरच्या आपल्या खोलीत बसून विश्वकोशातली 'ओतकाम'ची नोंद वाचतो. महाराष्ट्रातल्या मुलाला जे मिळतं तेच त्याला, त्याच क्षणी मिळतं. यासाठी मी अँडरसनचा ऋणी आहे असं नाही, पण हे का घडू शकलं ते मला त्याच्या पुस्तकामुळे समजलं.

मात्र अक्का म्हणाल्या ते इथंही लागू आहे. पुस्तकं पडून आहेत, सुचवणारं कुणी नाही. आपल्याकडं कडोली, उचगाव, येळ्ळूर, बेळगुंदी अशा गावागावांत साहित्य संमेलनं भरतात. तिथं कविता होतात, कथाकथन होतं. तंत्रज्ञानावरच्या, उद्योगावरच्या पुस्तकावर एक तास ठेवायला काय हरकत आहे? समोर बसलेल्या श्रोत्यांत निम्मे तरी फौंड्री, मशीनशॉप नाहीतर मागावर काम करणारे असतात. त्यांच्या कामाबद्दलचं पुस्तक त्यांच्यासमोर त्यांच्या भाषेत कुणीच उघडत नाही.


सेटर_ते_प्रोग्रॅमर
सोमवार, दुपारी १:४०

लेथवाला दादा, मी जीआयटीचा (बेळगावचं गोगटे इंजिनिअरिंग कॉलेज), आता हत्तरगीच्या एरोस्पेस एसईझेडमध्ये, म्हणजे विशेष आर्थिक क्षेत्रात, काम करतो. एअरबस आणि बोईंगच्या विमानांचे भाग आपल्या हुक्केरी तालुक्यात होतात याचा मला अभिमान आहे. पण 'मेकर्स'मधलं पुढचं पान तुम्ही सांगितलं नाहीत, ते मी सांगतो. आबांच्या होल्डरपेक्षा ते महत्त्वाचं आहे असं मला वाटतं.

अँडरसन नुसतं लिहून थांबला नाही. २००७ मध्ये मुलांबरोबर खेळताना लेगोच्या खेळण्यातल्या छोट्या कॉम्प्युटरवर चालणारं विमान केलं, त्यातून ड्रोनच्या हौशी लोकांचा इंटरनेटवरचा गट जमला. तिथं त्याला मेक्सिकोतल्या तिहुआनाचा जॉर्डी मुन्योस हा विशीतला पोरगा भेटला. इंजिनिअरिंगची पदवी नाही, पण ऑटोपायलट, म्हणजे आपोआप उडवणारी यंत्रणा, करून दाखवला. त्या दोघांनी २००९ ला थ्रीडी रोबोटिक्स कंपनी काढली. डिझाइन सगळं खुलं, कुणीही घ्यावं, सुधारावं. कारखाने सॅन दिएगो आणि तिहुआनात. २०१२ ला 'मेकर्स' आलं आणि त्याच वर्षी त्याने 'वायर्ड' सोडून ही कंपनी पूर्ण वेळ हातात घेतली. आपल्या पुस्तकावर एवढा भरवसा टाकणारा पत्रकार मी दुसरा बघितला नाही.

पुढं २०१५ ला त्यांनी सोलो नावाचा ड्रोन आणला. कॅमेरा स्थिर ठेवणारा गिंबल वेळेवर मिळाला नाही, जीपीएसच्या तक्रारी आल्या. समोर शेन्झेनची डीजेआय. तिच्याकडं डिझाइन आणि कारखाना एकाच छपराखाली, मॉडेलमागून मॉडेल काढायची आणि किंमत पाडायची. वर्षभरात, २०१६ मध्ये, थ्रीडी रोबोटिक्सने ड्रोन बनवणंच थांबवलं आणि सॉफ्टवेअरकडं वळली. पुस्तकात जिचं कौतुक आहे ती टेकशॉप, महिन्याची फी भरून कुणीही मशीन वापरावी अशी कार्यशाळांची साखळी, तीही २०१७ ला दिवाळखोरीत गेली.

म्हणून पुस्तक चुकीचं असं मी म्हणत नाही. त्याने डिझाइनला जास्त भाव दिला आणि कारखान्याला कमी, एवढंच. फाइल पाठवली की कारखाना माल करून देतो, असं त्याला वाटलं. आपण रोज बघतो, तसं होत नसतं. ड्रॉइंगवर २० मायक्रॉन (मिलिमीटरचा पन्नासावा भाग) एवढीच मापाची सूट लिहिलेली असते, पण ती धरायची कशी, जॉब कुठं पकडायचा, कुठल्या कटनंतर तो वाकतो, हे मशीनवर उभं राहिलेल्यालाच कळतं. शेन्झेनवाल्यांच्या दोन्ही गोष्टी शेजारी होत्या. दादा, उद्यमबागेतही दोन्ही शेजारीच आहेत! तुमच्या शेडपासून फौंड्री किती लांब, दोनशे मीटर? अँडरसनला जे भाड्याने घ्यावं लागलं ते तुमच्या गल्लीत आहे.

कामाचं एक सांगतो. होल्डर कास्टिंगमध्ये करणार असाल तर सागवानी पॅटर्न (वाळूत साचा उठवायचा नमुना) करायला देण्याआधी थ्रीडी प्रिंटवर पॅटर्न काढून बघा. ग्रे आयर्न (बीड) थंड होताना साधारण एक टक्का आकसतं, तेवढं माप वाढवून फाइल करायची, साच्यातून निघावं म्हणून कडांना उतार द्यायचा. प्रिंटच्या रेघा पुट्टी भरून, पॉलिश पेपर मारून गुळगुळीत करायच्या, नाहीतर वाळू धरून बसते. पाच-दहा मोल्ड त्यावर आरामात निघतात. माप चुकलं तर लाकूड वाया जात नाही, फाइल बदलायची. आमच्या कॉलेजच्या प्रोजेक्टला असंच केलं होतं.


लेथवाला_उद्यमबाग
सोमवार, रात्री ९:२०

सेटर, थ्रीडी रोबोटिक्सचं पुढं काय झालं ते मी वाचलं नव्हतं. दिवसभर तेच डोक्यात आहे. आणि कारखाना शेजारी असण्याचा मुद्दा मला स्वतःला सुचायला हवा होता, रोज त्याच रस्त्याने जातो. पॅटर्नची माहिती आबांना वाचून दाखवली. म्हणाले, उतार किती डिग्री धरतो ते विचार.

अक्का, तुमच्या आईचं वाचून काय लिहावं सुचेना. तुमच्या मावशींचा गट मात्र माझ्या बायकोला कळवतोय, तिची बहीण कोथरूडला असते.


सेटर_ते_प्रोग्रॅमर
सोमवार, रात्री ९:३५

दीड-दोन डिग्री धरा. आतल्या खाचेला थोडा जास्त.


निपाणीकर
सोमवार, रात्री १०:५०

सगळं वाचलं. एक गोष्ट मला राहून राहून खटकते, ती मोकळेपणाने लिहितो, राग नसावा.

'मेकर्स'मध्ये घरात बसून वस्तू करणाऱ्याचं मोठं कौतुक आहे. आमच्या निपाणीत बायका पिढ्यानपिढ्या घरात बसूनच वस्तू करतात, बिड्या. माझ्या आईने चाळीस वर्षं केल्या. पान, तंबाखू ठेकेदाराकडून, मजुरी हजारी, म्हणजे हजार बिड्यांमागं. संध्याकाळी माल द्यायला गेलं की ठेकेदार मूठभर बिड्या बाजूला काढायचा, त्याला छाट म्हणतात. त्या बिड्यांची मजुरी नाही, पण त्या बिड्या मात्र त्याच्याकडंच राहायच्या. शहापूरच्या ताईंनी साड्या परत येण्याचं लिहिलंय ते वाचताना मला छाटच आठवली. माल कोण करतं याला महत्त्व नाही, माल पास करायचा अधिकार कुणाकडं आहे याला आहे.

१९८१ ला शरद जोशींच्या नेतृत्वाखाली तंबाखूच्या शेतकऱ्यांनी निपाणीत महामार्ग अडवला, गोळीबार झाला, माणसं गेली. तेव्हाही प्रश्न पीक काढण्याचा नव्हताच. पीक आमच्या लोकांना उत्तम काढता येत होतं. भाव व्यापारी ठरवत होता.

म्हणून अँडरसनचं पुस्तक मला अर्धं वाटतं. साधनं स्वस्त झाली की सत्ता करणाऱ्याच्या हातात येते, असं तो धरून चालतो. साधन सुरीसारखं स्वस्त असलं तरी बाजाराचं दार दुसऱ्याच्या हातात असेल तर काय? आमच्या आईच्या साधनाला, सुपाला आणि कात्रीला, किती पैसे पडत होते?


वाचनालयाचा_कोपरा
मंगळवार, सकाळी ७:१०

निपाणीकर, राग कशाचा? या धाग्यातलं सगळ्यात नेमकं तुम्ही लिहिलंत. 'सुपाला आणि कात्रीला' हे वाक्य मी वहीत उतरवून घेतलंय. एवढंच म्हणेन, की आबांच्या बाबतीत बाजाराचं दार थोडं उघडं होतं. काजूवाले त्यांच्याकडं स्वतः येत होते. दार बंद झालं ते नक्कल झाल्यावर.


टिळकवाडी_सीए
मंगळवार, दुपारी १२:१५

नक्कल अडवण्याबद्दल थोडी माहिती, लेथवाल्यांना उपयोगी पडेल.

आबांचा जुना होल्डर वीस वर्षं बाजारात आहे, त्यावर आता पेटंट मिळणार नाही. पेटंटला वस्तू नवी लागते, आणि जी खुलेआम विकली गेली ती नवी राहत नाही, मग ती तुम्हीच शोधलेली का असेना. पण त्यात आता काही नवी सुधारणा केलीत तर त्या सुधारणेसाठी अर्ज करता येतो. महत्त्वाचं म्हणजे कुणालाही नमुना देण्याआधी, प्रदर्शनात ठेवण्याआधी, या धाग्यावर फोटो टाकण्याआधीसुद्धा अर्ज करायचा. आधी प्रोव्हिजनल (तात्पुरता) अर्ज करा, त्यात कल्पना नीट मांडली की पुरे. पूर्ण अर्जाला त्यानंतर १२ महिने मिळतात. व्यक्तीने ऑनलाइन अर्ज केला तर सरकारी फी १,६०० रुपये आहे, तपासणीची फी पुढं वेगळी. पेटंट मिळालं तर अर्जाच्या तारखेपासून २० वर्षं. आपण कर्नाटकात म्हणून आपलं कार्यालय चेन्नई, चंदगडच्या माणसाचं मुंबई. अर्जाचा मसुदा मात्र जाणकाराकडून करून घ्या, दावे ढिले लिहिले तर कागद हातात असून नक्कल होते.

निपाणीकरांचा मुद्दा मी खोडत नाही. कागदाने बाजार हातात येत नाही. पण 'सँपल' म्हणून दोन नग मागणाऱ्याला निदान विचार करावा लागतो.


चंदगडचा_काजू
मंगळवार, रात्री ८:४०

नमस्कार. मी इथं नुसता वाचतो, लिहायला पहिल्यांदाच आलोय. आमचा काजूचा छोटा कारखाना हाय, आठ बायका कटरवर बसतात. लेथवाले, तुम्ही लिहिलासा तो स्प्रिंगचा होल्डर आमच्याकडं हाय! नक्कलवाला असणार, आमच्या वडिलांनी बाजारातनं आणलेला. इतकी वर्सं आम्ही त्याच्यावर काजू फोडतोय आणि तो बेळगावात कुणाच्या डोक्यातनं आला ते आज कळलं. घरात सगळ्यांना वाचून दाखवलं.

त्यात खोट काय हाय तेबी सांगतो. टरफलातलं तेल लई वाईट, हात भाजतात, बायका तेल नाहीतर राख लावून बसतात. तेच तेल स्प्रिंगवर जाऊन चिकटतं, दुपारपर्यंत पातं मागं सरायचं बंद होतं. मग बायका स्प्रिंग काढूनच ठेवतात आणि पुन्हा तुकडा वाढतो. स्प्रिंग झाकली गेली आणि न सोडवता धुता आली तर आमच्यासारखे लई जण घेतील. आबांना म्हणावं, एकदा येऊन बघा. बायकांशी बोला, त्यांना आमच्यापेक्षा जास्त कळतं.


शहापूरची_लेक
मंगळवार, रात्री ९:०५

दादा, नक्की जा. आणि त्या बायकांच्या हाताला येणाऱ्या तेलाचाही विचार ड्रॉइंगमध्ये असू दे.


निपाणीकर
मंगळवार, रात्री ९:३०

काजूवाले, तुमच्याकडच्या बायकांना मजुरी किलोवर की हजेरीवर? किलोवर असेल तर तुकडा झाल्यावर कापता का? होल्डर सुधारला तर फायदा कुणाला, हे यावर ठरेल म्हणून विचारतोय.


चंदगडचा_काजू
मंगळवार, रात्री १०:००

किलोवर. तुकड्याला दर कमी धरतो, खोटं बोलणार नाही. होल्डरनं अख्खा माल वाढला तर बायकांचेबी पैसे वाढतील. दर खाली करणार नाही, हे इथं सगळ्यांसमोर लिहितो.


लेथवाला_उद्यमबाग
बुधवार, रात्री १०:१०

आज रात्री जेवताना चंदगडवाल्यांचा प्रतिसाद आबांना वाचून दाखवला. वीस वर्षं चाललाय, हे ऐकून ते बराच वेळ गप्प बसले. मग उठून माळ्यावरची पत्र्याची पेटी काढायला लावली. त्यात त्यांची जुनी वही आहे, पेन्सिलीने काढलेलं होल्डरचं ड्रॉइंग, मापं सूतात (इंचाचा आठवा भाग). बाजूला लिहिलंय, 'तेल आत जाते. झाकण?' म्हणजे त्यांना तेव्हाच दिसलं होतं.

सीए साहेब, तुमचा सल्ला पाळतोय, पुढचं काही इथं सविस्तर लिहिणार नाही. सेटर, रविवारी सकाळी शेडवर येता का? वहीतलं ड्रॉइंग कॉम्प्युटरवर घ्यायचंय, मला मिलिंगचे प्रोग्रॅम जमतात, मॉडेल करायला हात बसत नाही. काजूवाले, त्याच्या पुढच्या रविवारी आम्ही दोघं चंदगडला येतो, तुमच्याकडचा एक चिकटलेला होल्डर न धुता तसाच ठेवा. निपाणीकर, जमलं तर तुम्हीही चला. मजुरीचं बोलायला तुम्ही हवेत.

आबांना अँडरसनच्या आजोबांची गोष्टही सांगितली, बर्नपासून पेटंटपर्यंत सगळी. त्यांनी पूर्ण ऐकून घेतलं आणि विचारलं, "त्या स्प्रिंकलरचा व्हॉल्व्ह घड्याळ उघडायचं कसं? काटा किती जोर लावणार?" पुस्तकात त्याचं उत्तर मला सापडलं नाही. पेटंटचं जुनं ड्रॉइंग इंटरनेटवर मिळतं म्हणतात, कुणाला काढून देता आलं तर आबांना मोठ्या कागदावर छापून हवंय.